अरे, याला कुठेतरी पाहिलंय! पीटर स्टोर्मारेबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

माझ्यासोबत पिक्चर बघायला बसणाऱ्या प्रत्येकाला मी या स्वीडिश नटाबद्दल कधी ना कधी पिडलंय, आणि मग पुढच्या वेळी तेच लोक "तो तुझा स्वीडिश कोण रे" असं विचारतात, म्हणून एकदाच सगळं लिहून टाकतो. स्पॉयलर आहेत, भरपूर आहेत, पण बहुतेक पिक्चर वीस-पंचवीस वर्षं जुने आहेत त्यामुळे तक्रार चालणार नाही.

प्रश्न: हा प्रिझन ब्रेकवालाच ना?

हो, तोच. जॉन अब्रुझी, फॉक्स रिव्हर जेलमधला माफिया डॉन, केस मागे चापून बसवलेले आणि आवाज कायम एक पट्टी खाली. आपल्याकडे बहुतेकांची ओळख इथूनच झाली. आमच्या होस्टेलवर ही सिरीज एका हार्ड डिस्कवरून दुसऱ्या हार्ड डिस्कवर फिरत होती, आणि सिरीजचा हिरो मायकल याच्या पायाची बोटं छाटायचा सीन आला की जेवणाचं ताट बाजूला सरकवायचे सगळे. सिरीज 2005 मध्ये अमेरिकेत फॉक्स चॅनलवर सुरू झाली, पहिल्या सीझनचं शूटिंग शिकागोजवळच्या जोलिएटच्या बंद पडलेल्या खऱ्या जेलमध्ये झालं. अब्रुझीचा गळा टी-बॅग नावाचा दुसरा कैदी ब्लेडने चिरतो, मग तो काही एपिसोड गायब, मग परत येतो आणि पळून जाणाऱ्यांत सामील होतो. दुसऱ्या सीझनच्या चौथ्याच एपिसोडला एफबीआयवाले मोटेलबाहेर घेरतात, गुडघ्यावर बस म्हणतात, आणि हा बसत नाही. एवढ्या लवकर मारायला नको होता असं माझं आजही मत आहे.

आणि हो, अब्रुझी इटालियन-अमेरिकन, पण करणारा पक्का स्वीडिश. हा घोळ याच्या सगळ्या करिअरभर आहे, त्यावर खाली बोलूच.

प्रश्न: नाव नेमकं काय आणि उच्चार कसा करायचा?

जन्माचं नाव रोल्फ पीटर इंगवार स्टॉर्म. जन्म 27 ऑगस्ट 1953, स्वीडनमधलं कुम्ला, पण वाढला आर्ब्रो नावाच्या छोट्या गावात, हेल्सिंगलँड भागात. ॲक्टिंग शिकायला गेला तर तिथे त्याच्याच आडनावाचा एक सिनियर आधीपासून होता, म्हणून याने स्टॉर्मचं स्टोर्मारे करून टाकलं. अमेरिकन लोक "स्टॉर्मेर" म्हणतात, तुम्ही स्टोर्मारे म्हणा, काही बिघडत नाही.

प्रश्न: सुरुवात कशी झाली? डायरेक्ट हॉलिवूड?

छे. हेच तर लोकांना माहीत नसतं. हा मुळात नाटकवाला. स्टॉकहोमचं रॉयल ड्रॅमॅटिक थिएटर, ज्याला तिकडे सगळे ड्रामाटेन म्हणतात, तिथे अकरा वर्षं काढली त्याने. आणि तिथे दिग्दर्शक कोण, तर इंगमार बर्गमन. बर्गमन म्हटलं की आपल्याला फिल्म सोसायटीत दाखवतात ते पिक्चरच आठवतात, पण स्वीडनमध्ये तो तितकाच मोठा नाटकवाला होता, आयुष्यभर नाटकं बसवत राहिला.

बर्गमनच्या फॅनी अँड अलेक्झांडर या 1982 च्या पिक्चरमध्ये स्टोर्मारे आहे, पण इतका छोटा रोल की पापणी लवली की गेला. खरी गंमत 1986 ची. बर्गमनने हॅम्लेट बसवलं आणि हॅम्लेट म्हणून याला घेतलं. काळे कपडे, डोळ्यावर काळा चष्मा, आणि शेवटी नॉर्वेचा राजपुत्र फोर्टिनब्रास याचे सैनिक जोरात रॉक म्युझिक लावून स्टेजवर घुसतात असं ते नाटक. 1988 ला ते न्यूयॉर्कला, ब्रुकलिन अकॅडमी ऑफ म्युझिकमध्ये गेलं, आणि प्रयोग अर्थातच स्वीडिशमध्ये. तिथल्या काही समीक्षकांना झेपलं, काहींना नाही.

म्हणजे ज्याला आपण फार्गो पिक्चरमध्ये प्रेत लाकूड कापायच्या मशीनमध्ये घालणारा म्हणून ओळखतो तो मुळात बर्गमनचा हॅम्लेट आहे. हे कळल्यावर मी फार्गो परत लावला आणि वेगळाच दिसला मला.

प्रश्न: मग अमेरिकेत कधी गेला?

सरळ गेला नाही, मधे जपान आहे! 1990 ला टोकियो ग्लोब थिएटरमध्ये असोसिएट आर्टिस्टिक डायरेक्टर झाला आणि तिथे शेक्सपियर बसवला. त्याच वर्षी रॉबिन विल्यम्स आणि डी निरोच्या अवेकनिंग्जमध्ये एका न्यूरोकेमिस्टचा चिमुकला रोल केला. 1993 ला न्यूयॉर्कला मुक्काम हलवला. तेव्हा वय चाळीस. चाळिशीत नवीन देशात, परक्या भाषेत, पुन्हा ओळीच्या शेवटी उभं राहायचं, तेही घरी नॅशनल थिएटरचा हॅम्लेट असताना. मला तरी जमलं नसतं.

प्रश्न: कोएन बंधूंना हा सापडला कुठे?

स्टेजवर. या दोघा दिग्दर्शक भावांनी, म्हणजे फार्गो बनवणाऱ्यांनी, मिलर्स क्रॉसिंग (1990) लिहिताना एक थंड डोक्याचा गुंड याच्यासाठीच लिहिला होता आणि त्या पात्राला सगळे "स्वीड" म्हणणार होते. पण हा हॅम्लेटमध्ये अडकलेला, जमलं नाही, मग तो रोल जे. ई. फ्रीमनला गेला आणि पात्राचं नाव बदलून "डेन" झालं. आता बघा, हॅम्लेट म्हणजे डेन्मार्कचा राजपुत्र, म्हणजे खरा डेन तिकडे स्टेजवर हाच करत होता, आणि त्यामुळे इकडचा स्वीड डेन झाला. मी हे पाच-सहा जणांना तरी सांगितलंय, एकालाही माझ्याइतकं हसू आलेलं नाही.

मग सहा वर्षांनी फार्गो आला.

प्रश्न: फार्गोमध्ये तो बोलतच नाही, मग एवढं कौतुक कशाचं?

नेमकं त्याचंच! गेअर ग्रिमस्रुड, पैशासाठी एका बाईचं अपहरण करणाऱ्या दोन गुंडांपैकी एक. मोजून थोडीशी वाक्यं आहेत पूर्ण पिक्चरमध्ये. गाडीत शेजारी स्टीव्ह बुशेमी, जो तोंडाला कुलूप म्हणून लावत नाही, बडबड बडबड, आणि हा खिडकीबाहेर बघत सिगरेट ओढतोय. बुशेमी वैतागून म्हणतो की मीही आता बोलणार नाही, आणि बोलतच राहतो. दोघांपैकी एकाने जरी थोडं कमी-जास्त केलं असतं तर सीन पडला असता.

नवीन लोकांना नट आवडतो तो डायलॉगमुळे. पण गप्प बसून सीन खायचा म्हणजे समोरच्याचं ऐकावं लागतं, किंवा या केसमध्ये अजिबात ऐकत नाहीये हे दाखवावं लागतं, जे अजून अवघड. त्याला पिक्चरमध्ये हवं काय असतं? पॅनकेक. सुरुवातीलाच पॅनकेक मिळतात अशा ठिकाणी जाऊया म्हणून अडून बसतो, एवढीच काय ती त्याची स्वतःहून मागितलेली गोष्ट. दोन वर्षांनी कोएन बंधूंच्याच द बिग लेबॉव्स्कीमध्ये याची टोळी हॉटेलात बसून लिंगनबेरी पॅनकेक मागवते. लिंगनबेरी म्हणजे स्वीडनमध्ये घराघरात खातात ती आंबटगोड लाल बोरं, मीटबॉलबरोबर जॅम लागतोच त्यांना. योगायोग नसणार तो.

आणि पिक्चर घडतो मिनेसोटात, जिथे स्कँडिनेव्हियातून गेलेल्यांची वस्ती भरपूर, तिथले लोक जे लांबट सुरात "या, या" (म्हणजे हो, हो) करतात ते तिकडूनच आलेलं. त्या सगळ्या पिक्चरमध्ये खरा स्कँडिनेव्हियन एकच आहे आणि तो तोंड उघडत नाही.

प्रश्न: लेबॉव्स्कीत कोणता रोल?

उली कुंकेल. जर्मन निहिलिस्ट, पूर्वी टेक्नो-पॉप बँडवाला, आणि त्याशिवाय कार्ल हंगस या नावाने नको त्या फिल्ममध्ये केबल दुरुस्त करायला येणारा माणूस. टोळीतला दुसरा एक जण म्हणजे रेड हॉट चिली पेपर्स बँडचा फ्ली. कशावरच विश्वास नाही म्हणणारे हे लोक शेवटी पार्किंगमध्ये "हे फेअर नाही" म्हणून रडकुंडीला येतात. फार्गोतला राक्षस करणारा हाच माणूस आहे हे मला तिसऱ्यांदा बघताना कळलं, खोटं नाही सांगत.

प्रश्न: हा नेहमी रशियनच का असतो?

नेहमी नाही हो, कधी जर्मन असतो, कधी इटालियन, कधी फ्रेंच, कधी स्लाव्हिक देव आणि एकदा तर सैतान. स्वीडिश मात्र क्वचित. हॉलिवूडचं गणित सरळ आहे, ॲक्सेंट थोडा वेगळा आणि चेहरा थोडा धोकादायक असला की मधला सगळा युरोप एकच. आपल्याकडे कसं, साउथचा माणूस दाखवायचा म्हणजे तमिळ, तेलुगू, मल्याळी सगळं एकाच भांड्यात, तसंच.

रशियन बघायचा तर आर्मागेडन (1998), लेव्ह आंद्रोपोव्ह. अंतराळ स्टेशनवर दीड वर्ष एकटा राहून अर्धवट झालेला, कानटोपी घालून फिरणारा कॉस्मोनॉट. शेवटी यान सुरू होत नाही तेव्हा हुशार अमेरिकन पायलट बाईंना बाजूला सारून हा मशीनवर पान्याचे घाव घालतो आणि चालू करतो, वर ऐकवतो की तुमचे पार्ट काय नि आमचे पार्ट काय, सगळे तैवानचेच. आमच्या घरचा जुना टीव्ही असाच चालायचा, त्यामुळे हा सीन मला सायन्स फिक्शन कधी वाटलाच नाही. मग बॅड बॉईज टू (2003) मध्ये रशियन क्लबवाला, आणि जॉन विक चॅप्टर टू (2017) च्या सुरुवातीला अब्राम तारासोव्ह.

त्यातली मजा म्हणजे अब्राम हा पहिल्या भागातल्या विगो तारासोव्हचा भाऊ, आणि विगो केला होता मायकेल नीक्विस्टने. तोही स्वीडिश! दोन रशियन माफिया भाऊ, दोन्ही स्वीडनचे. अब्रामचा सीन लक्षात असेल तर तो टेबलामागे बसून फक्त ऐकतोय, बाहेर त्याची माणसं मरतायत आणि हा आपल्या माणसाला जॉन विक म्हणजे काय चीज आहे ते समजावतोय. पुन्हा तेच, खुर्चीत बसून घाबरायचं. आधी फार्गोत न घाबरता बसला होता, इथे घाबरून बसला.

प्रश्न: कीआनू रीव्ह्सबरोबर एवढे पिक्चर कसे?

कॉन्स्टंटाइन (2005), जॉन विक टू, आणि स्वीडिश डिक्स नावाची सिरीज. यातलं कॉन्स्टंटाइन म्हणजे माझ्या मते छोट्या रोलचा क्लासच आहे. पूर्ण पिक्चरभर ज्याची भीती घातली जाते तो सैतान शेवटच्या काही मिनिटांत येतो. तुम्हाला वाटतं शिंगं येणार, आग येणार. येतो कोण, तर पांढरा सूट घातलेला एक मध्यमवयीन माणूस, अनवाणी, आणि पावलांवरून काळं डांबरासारखं काहीतरी ओघळतंय. खुर्ची घेतो, बसतो, एखाद्या काकांसारखा लाडात बोलायला लागतो. आणि कॉन्स्टंटाइन स्वर्गात निसटतोय असं दिसल्यावर त्याच्या छातीत हात घालून कॅन्सरचा काळा गोळा ओढून बाहेर काढतो, का, तर तू जग, परत पाप कर आणि माझ्याकडेच ये. एवढा वैताग, एवढी माया, आणि एवढा किळसवाणा आनंद एकाच चेहऱ्यावर. पाच-सात मिनिटांत पिक्चर चोरून गेला माणूस.

प्रश्न: मायनॉरिटी रिपोर्टमधला डोळ्यांचा डॉक्टर तोच का?

तोच, डॉ. सॉलोमन एडी. सर्दीने नाक गळतंय आणि त्याच हातांनी टॉम क्रूझचे डोळे बदलायला निघालाय. आधी प्लास्टिक सर्जन, आणि त्याला जेलमध्ये टाकलं होतं याच क्रूझने, हे तो पेशंटला भूल चढायला लागल्यावर सांगतो. डोळ्यांवर पट्टी बांधून जाताना म्हणतो फ्रिजमध्ये सँडविच आणि दूध ठेवलंय. आंधळा क्रूझ चाचपडतो, ताज्या सँडविचच्या शेजारचं बुरशी आलेलं हातात येतं, दूध पण नासलेलं. आमच्या आईने इथेच "बंद कर ते" म्हणून रिमोट हिसकावला होता आणि स्पीलबर्गच्या भविष्यकाळाचा पुढचा भाग मला दुसऱ्या दिवशी बघावा लागला.

स्पीलबर्गने त्याला त्याआधी द लॉस्ट वर्ल्ड (1997) मध्ये पण घेतलं होतं. डीटर स्टार्क, जो उगाच एका पिटुकल्या डायनोसॉरला करंट देतो, आणि मग जंगलात लघवीला गेला असता तेच पिटुकले झुंडीने येऊन त्याला संपवतात.

प्रश्न: चांगला माणूस कधीच केला नाही का?

केलाय, आणि लोक बघत नाहीत ही माझी कायमची खंत. डान्सर इन द डार्क (2000), लार्स फॉन ट्रिअरचा, कान फिल्म फेस्टिवलचं सर्वोच्च बक्षीस पाल्म दॉर मिळालेला. यात हा जेफ, फॅक्टरीबाहेर रोज आपली गाडी घेऊन हिरॉईनची, म्हणजे गायिका ब्योर्कची, वाट बघणारा साधा माणूस. ती रोज नाही म्हणते, हा रोज येतो, चिडत नाही. रेल्वे रुळांवरून चालताना त्याला कळतं की तिला दिसत नाहीये, आणि तिथून आय हॅव सीन इट ऑल हे गाणं सुरू होतं. आता लक्ष द्या, पिक्चरमध्ये ते गाणं ब्योर्कबरोबर स्टोर्मारे स्वतः गायलाय. अल्बमवर मात्र रेडिओहेड बँडच्या थॉम यॉर्कचा आवाज आहे. यॉर्कचं व्हर्जन सुंदर आहे, नाही कोण म्हणतंय, पण स्टोर्मारेच्या आवाजात जो अवघडलेपणा आहे, आपल्याला गाता येत नाही पण हिच्यासाठी गावंच लागणार असं काहीतरी, ते जेफचं आहे. तसा तो गातो बरं का, त्याचा स्वतःचा बँड आहे आणि नाव काय तर ब्लाँड फ्रॉम फार्गो.

त्याच वर्षी शोकोला आला आणि त्यात हा बायकोला मारणारा नवरा, सर्ज. बायको लीना ओलिन. तीही ड्रामाटेनची, बर्गमनच्या मिस ज्युली नाटकात ती ज्युली आणि हा नोकर जाँ होते. आणि शोकोलाचा दिग्दर्शक लासे हालस्ट्रॉम, तोही स्वीडिश. म्हणजे गाव फ्रेंच, भाषा इंग्लिश, आणि कॅमेऱ्याच्या पुढे-मागे सगळे स्टॉकहोमवाले. एका वर्षात एकीकडे जेफ आणि दुसरीकडे सर्ज, एवढं अंतर एकाच माणसाने कापलं.

प्रश्न: हिरो म्हणून कधी?

स्वीडनमध्ये. हॅमिल्टन (1998), यान गियूच्या गुप्तहेर कादंबऱ्यांवरचा, त्यात हा चक्क कार्ल हॅमिल्टन, म्हणजे तिकडचा जेम्स बाँड म्हणा. हिरॉईन परत लीना ओलिन आणि व्हिलन मार्क हॅमिल, हो हो, ल्यूक स्कायवॉकर. हाच हॅमिल्टन आधी 1989 मध्ये स्टेलान स्कार्सगार्डने केला होता.

प्रश्न: स्कार्सगार्डशी लोक याची गल्लत का करतात?

दोघं स्वीडिश, वयात दोन वर्षांचं अंतर, दोघं ड्रामाटेनमधून आलेले, आणि डान्सर इन द डार्कमध्ये तर दोघंही आहेत. पण जात वेगळी आहे. स्कार्सगार्ड आत ओढून घेतो, स्टोर्मारे बाहेर फेकतो. एकाला बघून वाटतं हा काहीतरी लपवतोय, दुसऱ्याला बघून वाटतं हा आता काय करेल देव जाणे. शिवाय स्कार्सगार्ड मोठमोठ्या रोलकडे सरकला, हा पाचव्या-सहाव्या नंबरच्या नावावर खूश राहिला.

प्रश्न: टीव्हीवर अजून काय?

साइनफेल्डच्या द फ्रॉगर एपिसोडमध्ये (1998) स्लिपरी पीट, जॉर्जचं व्हिडिओ गेमचं मशीन वीज न जाऊ देता हलवायला बोलावलेला इलेक्ट्रिकचा उस्ताद. द ब्लॅकलिस्टमध्ये बर्लिन नावाचा व्हिलन. ॲरोमध्ये व्हर्टिगो.

पण बघायचंच तर अमेरिकन गॉड्स (2017 ते 2021). चेर्नोबोग, जुना स्लाव्हिक देव, आता शिकागोतला म्हातारा, जन्मभर कत्तलखान्यात हातोड्याने गुरं मारलेला. सिरीजचा हिरो शॅडो याच्याबरोबर चेकर्स खेळायला बसतो आणि पैज काय, तर मी जिंकलो तर तुझं डोकं हातोड्याने फोडणार. घरातला मळकट बनियन, बोटांत सिगरेट, आणि हातोडा डोक्यात कसा बरोबर बसायचा, आता बंदूक आल्यामुळे त्या कामातलं कसब कसं गेलं याचं तो जे रसाळ वर्णन करतो ना, की आपला रिटायर्ड काका जुन्या नोकरीच्या गप्पा मारतोय असंच वाटतं. मला त्याची कीव आली, भीती नाही, आणि मग एकदम आठवलं की हा डोकं फोडायचं म्हणतोय.

स्वीडिश डिक्स (2016) मध्ये शेवटी तो स्वीडिश माणूस करतो, लॉस एंजेलिसमधला माजी स्टंटमॅन झालेला प्रायव्हेट डिटेक्टिव्ह इंगमार. नाव इंगमार! सिरीज बनवणाऱ्यांत तो स्वतः पण आहे, म्हणजे हॉलिवूडने दिलं नाही ते शेवटी आपणच करून घेतलं.

प्रश्न: गेममध्ये पण आहे म्हणे?

अंटिल डॉन (2015), डॉ. हिल, टेबलापलीकडे बसून तुम्हाला तुमच्या भीतीबद्दल प्रश्न विचारणारा. डोळे मिचकावणं, ओठ चाटणं सगळं त्याचंच, मोशन कॅप्चर. 2025 ला त्यावर पिक्चर आला त्यातही डॉ. हिल हाच. शिवाय कॉल ऑफ ड्यूटीच्या जाहिरातींतला रिप्लेसर, म्हणजे तुम्ही गेम खेळत बसा, तुमची कामं मी करतो म्हणून येणारा सूटवाला. आणि 2006 च्या फोक्सवॅगनच्या जाहिरातींतला पांढऱ्या कोटातला वुल्फगँग, परत जर्मन.

प्रश्न: पैशासाठी फालतू पिक्चर पण करतो का?

करतो. ढिगाने करतो. यादी बघितली तर निम्मे पिक्चर तुम्ही-आम्ही कधी बघणार नाही असे. मला त्यात गैर वाटत नाही, कॅरेक्टर ॲक्टरची रोजीरोटी तीच आहे, आणि भिकार पिक्चरमध्येही तो पाट्या टाकत नाही. ब्रदर्स ग्रिम (2005) मधला इटालियन कावाल्डी मात्र मला झेपला नाही. फारच ओव्हर. ब्रेक लावायला कोणी नसलं की हा सुटतो, हे मान्य करायला पाहिजे.

प्रश्न: एकच सीन दाखवायचा तर कोणता?

फार्गोमधले दोन, एक नाही जमत. पहिला, अपहरण करताना ती बाई याच्या हाताला चावते. हा तिच्या मागे पळायचं सोडून बाथरूममध्ये जातो आणि औषधाच्या कपाटात मलम शोधत बसतो. घरात गोंधळ, बाई पडद्यामागे लपलेली, आणि या बाबाला मलम पाहिजे. तो आरशात बघतो, थांबतो, आणि त्याला समजतं. काही बोलत नाही.

दुसरा शेवटचा. पोलीस अधिकारी मार्ज आपल्या गाडीतून त्याला घेऊन चाललीय, जाळीमागे हा बसलाय, ती मेलेली माणसं मोजतेय आणि विचारतेय की हे सगळं कशासाठी, थोड्याशा पैशासाठी? बाहेर बर्फ. रस्त्याच्या कडेला पॉल बन्यनचा पुतळा जातो, खांद्यावर कुऱ्हाड घेतलेला तो मोठा लाकूडतोड्या. याने थोड्या वेळापूर्वीच कुऱ्हाडीने जोडीदाराला मारलेलं असतं. तो मार्जकडे बघत नाही. मान वळवून पुतळा मागे जाईपर्यंत बघत राहतो.